सावित्रीच्या जुळ्या भूमिका : एका सत्राच्या तयारीच्या नोंदी

५ ऑक्टोबर २०२५

विषय ठरला, तेलुगू-तमिळ चित्रपटांतली नटी सावित्री. डिसेंबरच्या पहिल्या रविवारी सोलापुरात आमच्या फिल्म क्लबचं दोन तासांचं सत्र आहे. चित्रपटांतले तुकडे, त्यावर मराठी सबटायटल आणि मधूनमधून बोलणं असं त्याचं स्वरूप. तुकडे निवडणं आणि सबटायटल करणं माझ्याकडे आलंय. बोलायचंही बहुधा माझ्याच गळ्यात पडेल.

प्रेक्षक दोन तऱ्हांचे असतील. शहराच्या पूर्व भागातल्या तेलुगू घरांतले लोक, ज्यांच्या आज्यांना ‘मायाबझार’ संवादांसकट पाठ असतो. आणि बाकीचे, ज्यांच्यासाठी सावित्री म्हणजे रेखाच्या वडिलांशी, जेमिनी गणेशनशी लग्न केलेली नटी, किंवा २०१८ च्या ‘महानटी’मध्ये कीर्ती सुरेशनं जी भूमिका केली ती बाई. पहिल्यांना काही नवं दाखवायचं आहे आणि दुसऱ्यांना पहिल्यापासून सांगायचं आहे. एकाच सत्रात.

अष्टपैलू नटी म्हटलं की आपले वक्ते यादी वाचायला घेतात. ही विनोदी भूमिका, ही पौराणिक, ही सोशिक, ही खट्याळ; प्रत्येकीचा दीड मिनिटाचा तुकडा, टाळ्या, चहा. तसं करायचं नाही एवढं आज नक्की केलं. त्याऐवजी काय, ते अजून धूसर आहे.

८ ऑक्टोबर

कागदावर चित्रपटांच्या तारखा मांडत बसले आणि दिशा तिथंच सापडली. सावित्रीचे सुरुवातीचे मोठे चित्रपट जोडीनं आलेत. ‘देवदासु’ १९५३, तेलुगू जूनमध्ये, तमिळ सप्टेंबरमध्ये. ‘मिस्सम्मा’ १९५५, तेलुगू १२ जानेवारीला आणि तमिळ ‘मिस्सियम्मा’ दोनच दिवसांनी. ‘मायाबझार’ १९५७, तेलुगू २७ मार्च, तमिळ १२ एप्रिल. हे डबिंग नाही. एकाच सेटवर, त्याच कॅमेऱ्यानं, तोच प्रसंग दोनदा चित्रित केलेला. मद्रासच्या स्टुडिओंचा हा रिवाजच होता. एका शहरात बसून दक्षिणेतल्या सगळ्या भाषांचा बाजार धरायचा, सेटचा खर्च एकदा करायचा आणि चित्रपट दोन काढायचे.

मराठी प्रेक्षकाला हे समजावताना अडचण पडणार नाही, कारण आपण हेच केलंय. प्रभातचा ‘अयोध्येचा राजा’ १९३२ मध्ये मराठीत आणि हिंदीत निघाला, दोन्हींत दुर्गा खोटे. ‘कुंकू’ आणि ‘दुनिया ना माने’, दोन्हींत शांता आपटे. ‘माणूस’ आणि ‘आदमी’, दोन्हींत शांता हुबळीकर. तिथून एका उडीत मद्रासला जाता येईल.

मद्रासच्या जोड्यांत गंमत अशी की भाषा बदलली की बऱ्याचदा नायकही बदलतो, पण सावित्री तीच राहते. म्हणजे एक प्रयोगच आयता मांडून ठेवलाय. प्रसंग तोच, बाई तीच, समोरचा माणूस दुसरा. ती काय बदलते? सत्राचा प्रश्न हा.

१२ ऑक्टोबर

मदतीला मैत्रीण आली. तिचं माहेर पूर्व भागातलं, घरी तेलुगू. तमिळसाठी आमच्या इमारतीतल्या मावशी तयार झाल्या; त्यांचं बालपण मद्रासमध्ये गेलं. सबटायटल हिंदी रूपांतरांवरून किंवा इंग्रजी सबटायटलवरून करायची नाहीत, मूळ संवाद कानांनी ऐकूनच करायची, असं तिघींनी ठरवलं. वेळ लागेल. लागू दे.

कामाची पद्धत अशी. आधी तुकडा आवाज बंद करून बघायचा, दोन्ही भाषांत, एकापाठोपाठ. मग आवाजासकट. मग संवाद उतरवायचे. पडदा दुभागून दोन्ही एकत्र दाखवायची कल्पना मैत्रिणीनं मांडली आणि करून पाहिल्यावर तिनंच रद्द केली. डोळे दोन्हीकडे पळतात आणि चेहरा कुठलाच दिसत नाही.

१५ ऑक्टोबर

‘देवदासु’पासून सुरुवात केली. विनोदा पिक्चर्स, दिग्दर्शक वेदांतम राघवय्या. देवदास अक्किनेनी नागेश्वर राव, दोन्ही भाषांत. पार्वती सावित्री, चंद्रमुखी ललिता. बिमल रॉयचा दिलीपकुमारवाला ‘देवदास’ आला तो यानंतर दोन वर्षांनी. आपल्याकडे सुचित्रा सेनची पारो ही जणू पहिलीच पारो असल्यासारखं बोललं जातं. संगीतकार सी. आर. सुब्बरामन काम अर्धं टाकून १९५२ मध्येच गेले आणि विश्वनाथन–राममूर्ती या जोडीनं ते पुरं केलं. ही जोडी पुढं तमिळ चित्रसंगीतात केवढी झाली ते वेगळं सांगायला नको, पण सोलापुरात सांगावं लागेल.

इथं नायक तोच असल्यामुळे दोन्ही पार्वत्या जवळजवळ सारख्या आहेत. मला निराशा वाटली. मैत्रीण म्हणाली, “अगं, हेच तर पाहिजे. माणूस बदलला नाही तर ती बदलत नाही, हे आधी दाखव.” बरोबर आहे. ‘देवदासु’ सत्रात पहिला, आणि अगदी छोटा.

पार्वतीचं काम करताना सावित्री विशीतही नव्हती किंवा जेमतेम होती. त्याच्या तीन वर्षं आधी, १९५० च्या ‘संसारम्’मध्ये तिला मोठी भूमिका मिळाली होती, पण कॅमेऱ्यासमोर बावरून रीटेकवर रीटेक झाले आणि भूमिका हातची गेली. ‘पाताळ भैरवी’त (१९५१) वाट्याला आला तो एक नाच. १९५२ च्या ‘पेळ्ळि चेसि चूडु’मधल्या दुसऱ्या नायिकेच्या कामानं लोकांची नजर गेली. हे सगळं दोन वाक्यांत उरकायचं. गुंटूर जिल्ह्यातल्या चिर्रावूरची मुलगी, लहानपणी वडील गेले, काकांकडे वाढली, नाटकांत नाचली, इतकं पुरे.

१९ ऑक्टोबर

‘मिस्सम्मा’. आठवड्याचा सगळा वेळ यात गेला आणि गेला ते बरं झालं.

गोष्ट अशी. खेड्यातल्या शाळेला शिक्षक हवेत, पण अट आहे की पदवीधर नवरा-बायको पाहिजेत. ख्रिस्ती घरात वाढलेली मेरी आणि हिंदू एम. टी. राव, दोघंही बेकार, लग्न झाल्याचं सोंग घेऊन नोकरी धरतात. जमीनदार आणि त्याची बायको तिला हरवलेल्या लेकीसारखी जवळ घेतात, सण-समारंभ करू बघतात आणि मेरीचा पारा चढत जातो. मूळ बंगाली, ‘मानमयी गर्ल्स स्कूल’. दिग्दर्शक एल. व्ही. प्रसाद, निर्मिती विजया प्रॉडक्शन्सची, म्हणजे बी. नागी रेड्डी आणि चक्रपाणी.

या दोन नावांपाशी सत्रात थोडं थांबायचंय. लहानपणी आपण ‘चांदोबा’ वाचला तो याच दोघांचा. विक्रम-वेताळाची चित्रं आणि ‘मायाबझार’चे राजवाडे एकाच घरातून आले, हे ऐकून मावशींच्या यजमानांनी चष्मा काढून माझ्याकडे पाहिलं.

मेरीचं काम आधी भानुमतीकडे होतं. काही रिळं चित्रितही झाली होती. मग तिचं आणि चक्रपाणींचं बिनसलं, रिळं गेली, आणि धाकट्या बहिणीच्या भूमिकेसाठी घेतलेल्या सावित्रीला मेरी मिळाली. धाकटी झाली जमुना. भानुमती स्वतः गायिका, दिग्दर्शिका, निर्माती. तिच्यावर वेगळं सत्र व्हायला हवं. पण मेरीचा तुसडेपणा सावित्रीच्या अंगात इतका मुरलेला दिसतो की दुसरं कुणी डोळ्यांपुढं येत नाही.

आता मुद्द्याचं. तेलुगूत राव म्हणजे एन. टी. रामाराव. तमिळमध्ये जेमिनी गणेशन. जमीनदार झालेले एस. व्ही. रंगाराव आणि जमुना दोन्हीकडे. तुकडा घेतला चांदण्यातल्या गाण्याचा. तेलुगूत ‘रावोयी चंदमामा’, तमिळमध्ये ‘वारायो वेण्णिलावे’. दोघं एकमेकांशी बोलत नाहीत, चंद्राकडे एकमेकांच्या तक्रारी करतात. आवाज दोन्हीकडे ए. एम. राजा आणि पी. लीला. हिंदीत हाच प्रसंग म्हणजे ‘मिस मेरी’तलं (१९५७) ‘ओ रात के मुसाफिर’, मीनाकुमारी आणि पुन्हा जेमिनी गणेशन. हॉलमधल्या साठीच्या पुढच्या सगळ्यांना ते येत असणार.

आवाज बंद करून दोन्ही पाहिलं. रामाराव मिश्कील, पण अंगानं भारदस्त. त्यांच्यासमोर सावित्री मान वर ठेवते, तक्रार तोलून टाकते, दोन वकील समोरासमोर असावेत तशी. जेमिनी मऊ, जरा लाडिक. तिथं तिचा राग लवकर वितळतो आणि तिला तो मुद्दाम परत आणावा लागतो. मान वळवताना अर्धा क्षण हसू सुटतं. मैत्रिणीचं म्हणणं, हे मी त्यांचं लग्न ठाऊक असल्यामुळे बघतेय. असेलही. म्हणून सत्रात हे मी आधी सांगणार नाही. दोन्ही तुकडे मुके दाखवायचे आणि कुठल्या मेरीला राव आधीपासून आवडतोय ते लोकांनाच विचारायचं.

२३ ऑक्टोबर

दिवाळी. काम नाही. मावशींकडे फराळाला गेले तर त्यांनी न विचारता ‘बृंदावनमुम् नंदकुमारनुम्’ म्हणून दाखवलं. ‘मिस्सियम्मा’तलंच. तेलुगूत ‘बृंदावनमदी अंदरिदी’, आणि हेमंतकुमारनं ‘मिस मेरी’त चाल तशीच ठेवून केलेलं ‘वृंदावन का कृष्ण कन्हैया’. तीन भाषांचा धागा जोडायला हे गाणं चालेल, पण ते मध्यंतरात वाजवू. तुकड्यांत नको, त्यात सावित्रीला फारसं काम नाही.

२९ ऑक्टोबर

‘मायाबझार’. दिग्दर्शक के. व्ही. रेड्डी, छायाचित्रण मार्कस बार्टली. महाभारतातली माणसं, पण व्यासांच्या ग्रंथात नसलेली गोष्ट, आणि पांडव तर पडद्यावर येतच नाहीत. बलरामाची लेक अभिमन्यूला द्यायचं ठरलेलं असतं. पांडवांचं राज्य गेल्यावर दुर्योधनाचा मुलगा लक्ष्मणकुमार जावई म्हणून पुढं होतो. कृष्ण घटोत्कचाला हाताशी धरतो. आपल्याकडे ही गोष्ट सुरेखाहरण किंवा वत्सलाहरण म्हणून जुनी आहे. बाबूराव पेंटरांनी कोल्हापुरात १९२१ मध्ये ‘सुरेखाहरण’ केला, आणि त्यात कृष्ण होऊन पडद्यावर पहिल्यांदा आला तो व्ही. शांताराम. सोलापूरकरांना हे आवडेल. मुलगी तेलुगूत शशिरेखा, तमिळमध्ये वत्सला. सबटायटलमध्ये ज्या त्या आवृत्तीतलं नाव ठेवू.

अभिमन्यू तेलुगूत नागेश्वर राव, तमिळमध्ये जेमिनी. पण या वेळी मला नायक नकोय. या चित्रपटात सावित्रीच्या समोरचा खरा माणूस म्हणजे घटोत्कच, एस. व्ही. रंगाराव, आणि तो दोन्ही भाषांत तोच आहे. खरी शशिरेखा अभिमन्यूकडे पोचवली जाते आणि तिच्या रूपात लग्नघरात बसतो घटोत्कच. म्हणजे पडद्यावर सावित्री, आत रंगाराव. ‘अहा ना पेळ्ळंटा’ या गाण्यात पी. सुशीलाच्या नाजूक आवाजात मध्येच घंटसालाचा पुरुषी आवाज फुटतो, आणि सावित्री तो देहात घेते. पाय जड पडतात, खांदे रुंद होतात, मग कुणी बघतंय का अशी चाहूल घेऊन ती परत नववधू होते. लग्नाच्या मांडवात लक्ष्मणकुमाराचा पाय असा चेपते की तो बिचारा कळवळतो.

बाई पुरुषाची नक्कल करते हा विनोद जुनाच आहे, तमाशातही आहे. सावित्री त्याच्या एक पायरी पुढं जाते. ती कुठल्याही पुरुषाची नक्कल करत नाही, ती नेमकी रंगारावांची करते. त्यांचं छाती काढून उभं राहणं, डोळे मोठे करून हसू ओठांवर अडवणं. दोन्ही भाषांत रंगाराव तेच, म्हणून दोन्ही भाषांत हा भाग जवळजवळ जसाच्या तसा. ‘देवदासु’नं जे सांगितलं तेच इथं पक्कं झालं.

त्या वेळी वय विशीच्या आसपासचं. मी पुन्हा पुन्हा तो तुकडा मागं घेत राहिले आणि काम ठप्प झालं.

३ नोव्हेंबर

तांत्रिक. २०१० मध्ये तेलुगू ‘मायाबझार’ रंगीत करून प्रदर्शित झाला, तोही उपलब्ध आहे. क्लबमधल्या दोघांचा आग्रह, रंगीत दाखवा, तरुण मुलं बसतील. मी नाही म्हटलं. बार्टलींनी होडीच्या गाण्यात, ‘लाहिरी लाहिरी’त, जे चांदणं उभं केलंय ते काळ्या-पांढऱ्याच्या हिशेबानं केलंय. शिवाय तमिळ आवृत्ती काळी-पांढरी. शेजारी रंगीत ठेवली तर लोक रंगांची तुलना करतील. मतदान झालं. जिंकले, पण थोडक्यात.

सबटायटलची फाइल: दोन ओळींच्या वर जायचं नाही. तेलुगू संवाद भरभर येतात. सगळं उतरवलं तर प्रेक्षक वाचतच बसेल आणि चेहरा बघायचा राहून जाईल. म्हणून गाण्यांच्या तुकड्यांना फक्त पहिल्या कडव्याचा अर्थ, पुढं पडदा मोकळा. जोडाक्षरं मागच्या रांगेतून फुटकी दिसतात. अक्षर मोठं केलं, काळी किनार दिली. तुकडे दाखवण्याच्या परवानगीची पत्रं गेली आहेत.

९ नोव्हेंबर

जुळ्या आवृत्त्यांपुढं काय, यावर बैठक. साठच्या दशकात एकाच वेळी दोन चित्रपट काढायची पद्धत मागं पडली आणि रूपांतरं आली. पण सावित्रीच्या बाबतीत जोड्या चालूच राहिल्या, फक्त वर्षाच्या अंतरानं. ‘पासमलर’, तमिळ, १९६१. ‘रक्तसंबंधम्’, तेलुगू, १९६२. दोन्हींत सावित्री तीच बहीण. तमिळ भाऊ शिवाजी गणेशन, तेलुगू भाऊ रामाराव. हिंदीत ‘राखी’ (१९६२), अशोककुमार आणि वहिदा रेहमान.

हे मैत्रिणीच्या अव्वांकडून कळलं. त्या म्हणाल्या, “सात वर्षांपूर्वी ज्याच्याबरोबर चंद्राशी भांडत होती त्यालाच भाऊ केला, आणि आम्ही ओक्साबोक्शी रडलो. कुणाला खटकलं नाही.” सत्रात हे वाक्य मी तसंच वापरणार, त्यांची परवानगी घेतली आहे.

शिवाजी गणेशन हे नाव कुठून आलं तेही सांगून टाकू. अण्णादुराईंच्या नाटकात शिवाजी महाराजांची भूमिका केली, पेरियारांनी नाव दिलं, ते आयुष्यभर चिकटलं. आपल्या लोकांना अर्धं मिनिट आनंद होईल.

१४ नोव्हेंबर

‘पासमलर’ पुरा पाहिला. दिग्दर्शक ए. भीमसिंग, गीतं कन्नदासन, संगीत विश्वनाथन–राममूर्ती. अनाथ भाऊ-बहीण, भाऊ कारखानदार होतो, बहीण त्याच्याच कारखान्यातल्या कामगार पुढाऱ्यावर (जेमिनी) जीव टाकते, लग्न होतं, सासरची एक बाई काडी लावते, घरं तुटतात, शेवटी दोघंही मरतात. तमिळ घरांत आजही जिवाला जीव देणारं भावंड दिसलं की ‘पासमलर’ म्हणतात, कधी चेष्टेनंही.

स्पष्ट लिहिते. चित्रपट लांब आहे, उपदेशाचा भार आहे, आणि बहिणीनं सहन करत राहावं यातच तिचं मोठेपण मानणारा आहे. भीमसिंगांच्या कौटुंबिक चित्रपटांत रडणं हा मुक्कामच असतो. पण ‘मलर्न्दुम मलराद’ हे अंगाईगीत बघा. भाऊ आपल्या घरी बाळाला झोपवतोय, बहीण आपल्या घरी. दोघं एका चौकटीत फारसे नाहीतच. शिवाजी समोर नसताना सावित्री त्याच्याशी बोलतेय. शिवाजी अभिनय मोठा करून करणारा नट, भुवईपासून बोटापर्यंत सगळं कामाला लावणारा. त्याच्याबरोबरच्या प्रसंगांत तिनं आपलं माप लहान केलंय. तो जेवढा पसरतो तेवढी ती आवरते, आणि नजर शेवटी तिच्यावर जाते.

‘रक्तसंबंधम्’मधलं तेच अंगाईगीत, ‘चंदुरुनि मिंचु’. रामाराव शिवाजीपेक्षा संयत. तिथं सावित्रीला आवरायची गरज नाही, तर ती मोकळी होते, आवाज चढवते, रडते. दोन्ही चित्रपटांत बहिणीच्या तोंडचा मजकूर सारखाच आहे. आवाज बंद करून बघितला तर दोन वेगळ्या बहिणी.

मावशींना हे पटलं नाही. त्यांच्या मते फरक भाषेचा आहे. तेलुगू तिची मायबोली, तिथं ती मोकळी; तमिळ शिकलेली, म्हणून जपून. मग मी ‘कै कोडुत्त दैवम्’ (१९६४) काढला. तमिळच, समोर पुन्हा शिवाजी, पण तिथली तिची कोकिळा तोंडाला लगाम नसलेली, भाबडी, बडबडी मुलगी; त्या भाबडेपणातूनच गाव तिला बदफैली ठरवतं. तमिळमध्ये ती इतकी सुसाट बोलते की सबटायटलच पोचत नाही. मावशी म्हणाल्या, “बरं, अर्धं मान्य.” मग माझंही अर्धं त्यांना दिलं. भूमिकेच्या स्वभावाचा वाटा मी मोजलाच नव्हता.

१८ नोव्हेंबर

क्लबमध्ये वाद. काहींना शेवटचा काळ हवा आहे: दारू, कर्ज, गेलेली घरं, इस्पितळ. ‘महानटी’नंतर लोक त्यासाठीच येतील म्हणे. ते येऊ देत. मी दोनच वाक्यं ठेवली आहेत. १९८० च्या मे महिन्यात ती बेशुद्ध झाली आणि एकोणीस महिने तशीच राहून २६ डिसेंबर १९८१ रोजी गेली. पुरुष नटाच्या सत्रात आपण त्याची बाटली टेबलावर मांडत नाही. इथंही नको.

त्याऐवजी दिग्दर्शिका सावित्री घ्यायची. ‘चिन्नारी पापलु’ (१९६८) तिनं दिग्दर्शित केला तेव्हा कामं जवळजवळ सगळी बायकांकडे सोपवली होती, संगीत पी. लीलाचं. त्या काळी मद्रासमध्ये हे सोपं नव्हतं, चित्रपट चाललाही नाही. मग स्वतःची निर्मिती आणि दिग्दर्शन असलेला तमिळ ‘प्राप्तम्’ (१९७१). ही पुन्हा एक जोडी. मूळ तेलुगू ‘मूग मनसुलु’ (१९६४), नावाडी नागेश्वर राव, जमीनदाराची मुलगी सावित्री, पुनर्जन्म. हिंदीत तोच ‘मिलन’ (१९६७), आणि सावित्रीच्या जागी आपली नूतन. ‘प्राप्तम्’मध्ये नावाडी शिवाजी, आणि कॅमेऱ्याच्या दोन्ही बाजूंना सावित्री. तो कोसळला, पैशानंही. तुकडा घेतला नाही. सांगायचं मात्र सगळं.

स्लाइडसाठी एक चांगलं चित्र मिळालं. टपाल खात्यानं फेब्रुवारी २०११ मध्ये सहा नायिकांची तिकिटं काढली: देविकाराणी, कानन देवी, मीनाकुमारी, नूतन, लीला नायडू, सावित्री. मीनाकुमारीनं ‘मिस मेरी’त आणि ‘मैं चुप रहूँगी’त, नूतननं ‘मिलन’मध्ये, सावित्रीच्याच भूमिका हिंदीत केल्या. एका पाकिटावर तिघी. हे चित्र शेवटी नाही, मध्यंतराआधी.

२४ नोव्हेंबर

शेवटचा तुकडा: ‘नवरात्री’, १९६४, ए. पी. नागराजन. शिवाजीचा शंभरावा चित्रपट म्हणून गाजला, नऊ रसांच्या नऊ भूमिका त्याच्या. पोस्टरपासून परीक्षणापर्यंत सगळं त्याचं. पण नीट पाहिलं तर घर सोडून निघालेल्या त्या मुलीचं, नलिनाचं, काम जास्त अवघड आहे. तो नऊ वेळा नवा माणूस होऊन येतो, मिशा आणि टोप बदलून. ती एकच राहते आणि नऊ जणांसमोर नऊ तऱ्हांनी उभी राहते: विधुराकडे सावध, दारुड्यासमोर भेदरलेली, म्हाताऱ्या डॉक्टरांकडे लेकीसारखी. माझा सगळा विषय एका चित्रपटात. आणि याचीही जोडी आहे: तेलुगू ‘नवरात्री’, १९६६, नऊही भूमिका नागेश्वर रावांच्या, नायिका पुन्हा सावित्री. हिंदीत हा ‘नया दिन नई रात’ (१९७४), संजीवकुमार आणि जया भादुरी.

तुकडा निवडला कूत्तूचा. नलिना नाटकमंडळीत जाऊन पडते आणि तिला सत्यवान-सावित्रीच्या खेळात उभं राहावं लागतं. तेरुकूत्तू म्हणजे तमिळ गावांतला रस्त्यावरचा रात्रभराचा खेळ, चढा आवाज, जड मुकुट, ठेक्यावर फेर. शिवाजी नाटकातून आलेला, त्याला तो घाट ठाऊक. सावित्री इथं पहिल्यांदा आपलं माप त्याच्याएवढं करते. आवरत नाही, त्याच्या सुरात सूर चढवते, आणि मध्येच नलिना घाबरून डोकावते. नटी सावित्री, तिची नलिना, नलिनाची सावित्री. मावशींनी संवाद उतरवताना दोनदा थांबून सांगितलं की ही भाषा रोजची नाही, कूत्तूची आहे, मराठीत तिला दशावतारी वळण दे. दिलंय. सोलापूरला कितपत कळेल बघू.

१ डिसेंबर

क्रम पक्का: ‘देवदासु’, ‘मिस्सम्मा’, ‘मायाबझार’, मध्यंतर, ‘पासमलर’ व ‘रक्तसंबंधम्’, ‘कै कोडुत्त दैवम्’, ‘नवरात्री’. ‘कर्पगम्’ आणि ‘तिरुविळैयाडल’ गाळले. ‘तिरुविळैयाडल’मधला दक्षयज्ञावरून शंकर-पार्वतीचा झगडा गाळताना जिवावर आलं. पण तिथं ती शिवाजीसमोर जे करते ते ‘नवरात्री’त येऊन गेलंय.

परवानगीची उत्तरं आली, एक सोडून. तो तुकडा वगळला, त्याची जोडही.

८ डिसेंबर

सत्र झालं. हॉल भरला, मागं उभे होते. मुक्या तुकड्यांची युक्ती चालली. कुठल्या मेरीला राव आधीपासून आवडतोय, याला मराठी बाजूनं बहुतेकांनी तमिळ म्हटलं, तेलुगू बाजूनं ठामपणे तेलुगू. एका आजोबांचा युक्तिवाद असा की जेमिनीवर कुणीही भाळेल, रामारावांसमोर ती मान ताठ ठेवते म्हणजे आतून गेलीच आहे. याला माझ्याकडे उत्तर नव्हतं. माझी ‘वकिलांची’ उपमा लगेच सोडून दिली.

‘अहा ना पेळ्ळंटा’ला सबटायटल कुणी वाचलीच नाहीत. पूर्व भागातल्या बायका गात होत्या, बाकीचे त्यांच्याकडे बघून हसत होते.

कूत्तूचा तुकडा जरा पडला. दशावतारी वळण कोकणात चाललं असतं, इथं लोकांना ते परकं वाटलं. इथली भाषा भारुडाची आणि गोंधळाची. फाइल पुन्हा करायची आहे, पुढच्या महिन्यात लातूरला मागणी आहे.

मैत्रिणीच्या अव्वांनी ‘कळत्तूर कण्णम्मा’ का नाही म्हणून विचारलं. १९६०, भीमसिंग, कमल हसनचा पहिला चित्रपट, आणि हिंदी ‘मैं चुप रहूँगी’ही भीमसिंगांचाच, मीनाकुमारीला घेऊन. एकच दिग्दर्शक, दोन नायिका. म्हणजे आपला प्रयोग उलटा फिरवून, समोरची माणसं आणि बाई दोन्ही बदलल्यावर प्रसंगाचं काय होतं ते बघायचं. तमिळ प्रत मावशींकडे दिली आहे, पहिल्या अर्ध्या तासाचे संवाद त्या रविवारपर्यंत उतरवतील.